गिलाव्याविना: उघडं काँक्रीट आपल्याला का दडपतं आणि का ओढून घेतं

आपल्याकडे गिलावा न केलेलं घर दिसलं की पहिला विचार येतो पैशाचा. पैसे संपले असतील, कर्जाचा पुढचा हप्ता अडला असेल, भावाभावांत काही बिनसलं असेल. कॉलमवर शटरिंगच्या फळ्यांचे पट्टे तसेच दिसत असतात आणि पुढच्या मजल्यासाठी सोडलेल्या सळ्या गच्चीवर गंजत उभ्या असतात. गिलावा झाला, लांबी भरली, रंग लागला, की मगच आपण म्हणतो, घर झालं. त्यामुळे जगातल्या नामांकित वास्तुविशारदांनी न्यायालयं, विधानसभा, नाट्यगृहं, विद्यापीठं ठरवून उघड्या काँक्रीटची ठेवली, हे ऐकल्यावर आपल्याला ते पटत नाही. अर्धवट राहिलेली वस्तू पूर्ण कशी म्हणायची?

या इमारतींच्या शैलीला ब्रुटलिझम म्हणतात. तिच्याबद्दल माणसं फार टोकाचं बोलतात. कुणाला त्या तुरुंगासारख्या वाटतात, तर कुणी त्यांच्यापुढे देवळात उभं राहावं तसं उभं राहतं. मला स्वतःला या इमारती मनापासून आवडतात, हे आधीच सांगून टाकतो. पण त्या न आवडणाऱ्यांचं म्हणणंही खोटं नाही. दोन्ही भावना एकाच भिंतीतून येतात, आणि कशा येतात ते समजून घेता येतं.

आधी नावाचा घोळ. इंग्रजी येणाऱ्याला 'ब्रुटल' म्हटलं की क्रूरपणाच ऐकू येतो. मूळ शब्द मात्र फ्रेंच आहे, 'बेताँ ब्रुत'. बेताँ म्हणजे काँक्रीट आणि ब्रुत म्हणजे कच्चं, संस्कार न केलेलं. मांजरपाटाला आपण कोरं कापड म्हणतो, त्यातला कोरेपणा इथे आहे. इंग्लंडमध्ये वास्तुविशारद ॲलिसन स्मिथसन यांनी १९५३ साली लंडनच्या सोहो भागातल्या एका छोट्या घराच्या आराखड्याबद्दल लिहिताना 'न्यू ब्रुटलिझम' हा शब्द वापरला. आतून कसलंही फिनिशिंग नसलेलं घर, अशी ती कल्पना होती. पुढे १९५५ मध्ये रेनर बॅनम या समीक्षकाने त्यावर सविस्तर निबंध लिहिला आणि नाव रुळलं. गंमत म्हणजे ॲलिसन आणि त्यांचे पती पीटर यांची या नावाने ओळखली गेलेली पहिली इमारत, हन्स्टंटनची शाळा, १९५४ साली पूर्ण झाली तेव्हा ती होती पोलाद, काच आणि विटांची. पाण्याचे नळ, विजेच्या नळ्या, छताचे गर्डर सगळं उघडं. म्हणजे मुळात आग्रह काँक्रीटचा नव्हता. जे आहे ते झाकू नका, हा होता. काँक्रीट नंतर त्या आग्रहाचा चेहरा झालं.

तेच का झालं, हे कळायला ते कसं बनतं ते पाहायला हवं. काँक्रीट आधी चिखल असतं आणि मग दगड होतं. सिमेंट, वाळू, खडी आणि पाणी यांचा काला साच्यात ओततात. ते वाळून घट्ट होतं असा आपला समज असतो. खरं तर सिमेंट आणि पाणी यांच्यात रासायनिक क्रिया होते आणि त्यातून दगडासारखा पदार्थ तयार होतो. म्हणून तर स्लॅबवर आळी करून पाणी साठवतात, कॉलमला गोणपाट गुंडाळून दिवसातून चार वेळा पाणी मारतात. वाळायला नको असतं म्हणून. ही क्रिया पहिल्या काही आठवड्यांत जोरात चालते, त्यामुळे काँक्रीटची ताकद २८ दिवसांनी मोजायची रीत आहे.

आणि ओलं असताना ते साच्याचं सगळं काही उचलतं. फळीवरच्या लाकडाच्या रेषा, गाठी, करवतीच्या खुणा, खिळ्याचं डोकं. दोन फळ्यांच्या फटीतून सिमेंटचं पाणी झिरपलं तर तिथे बारीक कंगोरा उठतो. कोपऱ्यात काला हलवून पोकळ्या बुजवणारा व्हायब्रेटर पोहोचला नाही तर खडी उघडी पडून मधमाश्यांच्या पोळ्यासारखी जागा राहते. एरवी गिलावा हे सगळं पोटात घालतो. उघड्या काँक्रीटला ती सोय नाही. एकदा ओतलं, आठ-पंधरा दिवसांनी फळ्या काढल्या, जे दिसेल ते कायमचं. म्हणून चांगलं उघडं काँक्रीट हे स्वस्तातलं काम नाही. सुतार पक्का लागतो, वाळू एकाच ठिकाणची लागते, ओतणं मध्येच थांबवून चालत नाही.

मला यात फार मोठी गोष्ट दिसते. गिलाव्याच्या भिंतीवर तिच्या जन्माची काही खूण राहत नाही. उघड्या काँक्रीटवर राहते. फळ्या जळणात गेल्या, सुतार दुसऱ्या साइटवर गेला, तरी त्याने कुठे फळी जोडली होती ते पन्नास वर्षांनी बोट फिरवून कळतं. कार्ल्याच्या चैत्यात छताला लाकडाच्या कमानी आहेत. वर डोंगराचा पाषाण असताना त्यांचा आधाराला काहीच उपयोग नाही. आधीची लाकडी सभागृहं कशी दिसत, ती आठवण त्या कारागिरांनी दगडात शिरताना सोबत नेली. फळ्यांचे ठसे असलेलं काँक्रीट पाहताना मला हमखास कार्लं आठवतं. दगडाने लाकूड लक्षात ठेवलंय, असं वाटतं.

या सौंदर्याचा उगम मात्र अडचणीतून झाला. दुसऱ्या महायुद्धानंतर फ्रान्समधल्या मार्सेय शहरात वास्तुविशारद ल कॉर्बुझिए यांनी ३३७ सदनिकांची एक प्रचंड इमारत बांधायला घेतली. १९४७ ते १९५२ हे काम चाललं. युद्धानंतर पोलाद मिळेना, म्हणून सांगाडा काँक्रीटचा झाला. कंत्राटदार अनेक, कुशल कामगार कमी. फळ्या निघाल्या तेव्हा सांधे वाकडे, पृष्ठभाग ओबडधोबड. गुळगुळीत पांढऱ्या भिंतींसाठी आधी प्रसिद्ध असलेल्या या माणसाने ते झाकायला नकार दिला. इमारत सुपूर्द करताना त्यांच्या बोलण्याचा आशय असा होता की माणसांच्या चेहऱ्यावर सुरकुत्या असतात, जन्मखुणा असतात, नाकं वाकडी असतात, दोष हे मानवी आहेत आणि तेच आपलं रोजचं जगणं आहे. मग त्या खरबरीत करड्या रंगाशेजारी, बाल्कन्यांच्या आतल्या बाजूच्या भिंतींना त्यांनी लाल, पिवळा, निळा असे झगझगीत रंग दिले. एका भिंतीत हात वर केलेल्या माणसाची आकृती साच्यातूनच उमटवली. युद्धातून नुकत्याच उठलेल्या युरोपात, जखमा लपवायच्या नाहीत असं एक इमारत म्हणत होती. ते लोकांपर्यंत पोहोचलं.

आता भावनेकडे. अशा इमारतीसमोर छाती दडपते, त्यामागे साध्या शारीरिक गोष्टी आहेत.

पहिली गोष्ट वजन. काचेची इमारत किती जड आहे हे डोळ्यांना कळत नाही. उघडं काँक्रीट ते लपवत नाही, उलट मोठमोठे भाग खांबांवर तोलून किंवा भिंतीबाहेर काढून ते वजन आपल्या डोक्यावर आणून ठेवतं. शरीर क्षणभर सावध होतं. मग काही पडत नाही, पडणार नाही, हे उमगतं आणि त्या सावधपणाची जागा एक प्रकारची शांतता घेते. डोंगराच्या कड्याखाली बसल्यावर असंच होतं. पण ही दुसरी पायरी प्रत्येकाला गाठता येतेच असं नाही. रोज घाईत खालून जाणाऱ्याच्या वाट्याला फक्त पहिली येते.

दुसरी गोष्ट माप. आपण इमारतीची उंची मोजतो ती खिडक्या, दारं, कठडे यांवरून. दार दिसलं की माणूस कुठे हे कळतं. ब्रुटलिस्ट इमारतींत बऱ्याचदा खिडक्या खोल आत जातात, मजले ओळखू येत नाहीत, सलग भिंत वर चढत जाते. नजरेला पकड मिळत नाही, आणि आपण एकदम लहान होतो. मंदिराच्या गाभाऱ्यासमोर असं लहान होणं आपल्याला हवं असतं. सरकारी कचेरीत अर्ज घेऊन उभं असताना ते नको असतं. एकाच आकाराने एकाला भक्ती आणि दुसऱ्याला भीती दिली तर त्यात नवल नाही.

आणि तिसरी, मला सगळ्यात प्रिय, सावली. काँक्रीटला स्वतःचा रंग जवळजवळ नाही, म्हणून उजेड त्याच्यावर लिहू शकतो. सकाळचं तिरपं ऊन आलं की फळ्यांची प्रत्येक रेघ उठून दिसते. दुपारी तीच भिंत सपाट, मुकी होते. पाऊस पडला की काळी पडते. एक इमारत दिवसभरात इतक्या वेळा बदलते की तिचा एकच फोटो पाहून मत बनवू नये असं मी सगळ्यांना सांगतो.

हे सगळं एका जागी अनुभवायचं तर चंदीगडला जावं. फाळणीत लाहोर पाकिस्तानात गेलं आणि भारतातल्या पंजाबला राजधानी उरली नाही. नव्या शहराच्या पहिल्या आराखड्यावर अल्बर्ट मेयर आणि मॅथ्यू नोविकी काम करत होते. १९५० मध्ये नोविकी विमान अपघातात गेले, आणि काम ल कॉर्बुझिए यांच्याकडे आलं. सोबत त्यांचे चुलतभाऊ पिएर जानरे, मॅक्सवेल फ्राय, जेन ड्रू आणि तरुण भारतीय वास्तुविशारदांची फळी होती. उच्च न्यायालय १९५५ मध्ये उभं राहिलं, मग २५४ मीटर लांबीचं सचिवालय, मग विधानसभा. २०१६ पासून हा परिसर जागतिक वारसा आहे.

जुन्या छायाचित्रांत बांधकाम चाललेलं दिसतं. यंत्रं मोजकी. उताराच्या पायवाटांवरून डोक्यावर घमेली घेतलेल्या बायकांची रांग काँक्रीट वर नेते आहे. मार्सेयमध्ये दोष म्हणून आलेला खरबरीतपणा इथे हाताने केलेल्या कामाचा सहज स्वभाव झाला. उच्च न्यायालयाच्या दारातल्या हिरव्या, पिवळ्या, लाल अशा तीन अजस्र खांबांखाली मी एका उन्हाळी दुपारी उभा होतो. बाहेर डोळे उघडवत नव्हते आणि त्या छायेत वारा होता. मुख्य इमारतीच्या वर, अंतर सोडून, छत्रीसारखं दुसरं छप्पर आहे. मधून हवा वाहते. जवळ गेलो तेव्हा काँक्रीटमध्ये खडे दिसत होते, फळ्यांच्या रेघा हातांना लागत होत्या. लांबून राक्षसी वाटणारी ती वास्तू हाताच्या अंतरावर फार माणसाळलेली निघाली. माझ्या शेजारी एक वकील डबा उघडून जेवत होते.

विधानसभेच्या आत खांबांचं जंगल आहे, उजेड कमी, आणि त्यातून मुख्य सभागृहाचा गोल मनोरा छप्पर फोडून वर जातो. त्याचा आकार वीजकेंद्रातल्या पाणी थंड करणाऱ्या मनोऱ्यावरून सुचलेला आहे. ल कॉर्बुझिए यांनी तसे मनोरे अहमदाबादला पाहिले होते. चिमणीच्या आकाराखाली लोकप्रतिनिधी बसतील ही कल्पना मला आजही धाडसी वाटते.

म्हणून सगळं आलबेल होतं असं नाही. ऊन अडवण्यासाठी खिडक्यांपुढे काँक्रीटच्या जाड चौकटी आहेत. भारतीय वास्तुविशारद चार्ल्स कोरिया यांनी १९६४ मध्येच लिहिलं होतं की त्या धूळ आणि कबुतरं गोळा करतात, दिवसभर तापतात आणि रात्री ती धग आत सोडतात. कोरिया यांना ल कॉर्बुझिए यांच्याबद्दल आदर होता, तरी त्यांनी हे स्पष्ट म्हटलं. जाड काँक्रीट उष्णता धरून ठेवतं, हा त्याचा गुण कुठे उपयोगी पडेल आणि कुठे छळेल हे जागेवर आणि वेळेवर अवलंबून असतं.

इंग्लंडमध्ये त्रास उलट बाजूचा झाला. तिथे थंडी, ओल, आणि महिनोन्महिने करडं आभाळ. करड्या आभाळाखाली करडी भिंत, तिच्यावर पाण्याचे काळे ओघळ, आत भिंतींना दव धरून बुरशी. १९६०-७० च्या दशकांत गरीब कुटुंबांसाठी अशा भरपूर वसाहती झाल्या आणि मग देखभालीचे पैसे आटले. लिफ्ट बंद, दिवे फुटलेले, जिने ओस. लोकांना तिथे जी भीती वाटली ती खरी होती, आणि तिचा दोष डोळ्यांसमोर जे सतत होतं त्या काँक्रीटला लागला.

लंडनमधल्या दोन वसाहती शेजारी ठेवून पाहाव्यात. स्मिथसन दांपत्याची रॉबिन हूड गार्डन्स १९७२ साली पूर्ण झाली. २१३ घरं, मध्ये हिरवी टेकडी, मजल्यांवर शेजाऱ्यांनी गप्पा माराव्यात म्हणून रुंद गॅलऱ्या, पण भोवती वाहतुकीचे रस्ते आणि हळूहळू वाढत गेलेलं दुर्लक्ष. २०१७ मध्ये तिचं पाडकाम सुरू झालं, आणि व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयाने तिचा तीन मजली तुकडा जपून ठेवला. दुसरी बार्बिकन, युद्धात बॉम्बहल्ल्यांनी बेचिराख झालेल्या जागेवर त्याच काळात बांधलेली. तिथे काँक्रीट घट्ट झाल्यावर कामगारांनी हातातल्या यंत्रांनी ते टोचून काढलं, आतली ग्रॅनाइटची खडी उघडी केली. प्रचंड काम. मध्ये तलाव आहे, बाल्कन्यांमधून वेली लोंबतात, राहणारे बरेचसे सुखवस्तू आहेत, आणि देखभाल होते. आज तिथे घर मिळणं लोकांना भाग्याचं वाटतं. पदार्थ तोच, शहर तेच, दशकही जवळजवळ तेच.

लंडनच्या नॅशनल थिएटरबद्दल तेव्हाचे राजपुत्र चार्ल्स १९८८ मध्ये म्हणाले होते की शहराच्या मध्यभागी कुणाच्या हरकतीशिवाय अणुवीजकेंद्र उभारण्याची ही हुशार युक्ती आहे. हे वाक्य खूप गाजलं. डेनिस लास्डन यांच्या त्या इमारतीच्या आतल्या भिंतींवर लाकडी फळ्यांचे ठसे इतके नाजूक आहेत की दिव्यांच्या उजेडात त्या भिंती लाकडाच्याच वाटतात. संध्याकाळी नाटकाची गर्दी आत शिरली की त्या करड्या जागेला माणसांच्या कपड्यांचे रंग मिळतात.

मुंबईकराला, कोकणातल्या माणसाला उघड्या काँक्रीटची एक वेगळी भीती असते आणि तिची खिल्ली उडवता येणार नाही. आपण छताचे पोपडे निघताना पाहिलेत, उघड्या पडलेल्या गंजक्या सळ्या पाहिल्यात, पावसाळ्याआधी निघणारी धोकादायक इमारतींची यादी वाचलीय. काँक्रीट दाब सोसतं, ताण सोसत नाही, म्हणून आत सळई घालतात. ताज्या काँक्रीटचं अल्कधर्मी वातावरण सळईला गंजू देत नाही. पण वर्षानुवर्षं हवेतला कार्बन डायऑक्साइड आत झिरपत ते वातावरण मोडतो, आणि समुद्राकाठी खारी हवा ते काम आणखी लवकर करते. गंज मूळ लोखंडापेक्षा कितीतरी जास्त जागा घेतो. तो फुगतो आणि आतून काँक्रीट फोडतो. सळईवर काँक्रीटचा थर पातळ ठेवला असेल तर हे फार लवकर होतं. गिलावा आणि रंग थोडं संरक्षण देतात. उघड्या भिंतीला ते नसतं, तिला चांगला जाड थर आणि पाणी वाहून जाईल अशी नीट काढलेली पागोळी लागते. एका इंचाच्या पागोळीवर पन्नास वर्षांचं रूप अवलंबून असतं.

भारतात ही शैली ल कॉर्बुझिए यांच्यापाशी थांबली नाही, आणि त्यात आपली माणसं पुढे होती. पुण्यात १९२७ मध्ये जन्मलेले बाळकृष्ण दोशी मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमधून निघून पॅरिसला ल कॉर्बुझिए यांच्या कचेरीत पोहोचले, आणि परत येऊन अहमदाबादेत स्वतःची भाषा घडवली. कोकणातल्या आचऱ्याचे अच्युत कानविंदे हेही जे. जे. चे. ते पुढे हार्वर्डला शिकले. मेहसाण्याची दूधसागर डेअरी ही त्यांची इमारत मला या सगळ्या शैलीचा उत्तम धडा वाटते. दूध वरच्या पातळीवरून खाली उतारानेच वाहावं अशी रचना, आणि आतली गरम हवा बाहेर टाकण्यासाठी छतावर निघालेले काँक्रीटचे उंच मनोरे. लांबून ती किल्ल्यासारखी दिसते. तिचा एकेक बुरूज काहीतरी काम करतो आहे हे कळल्यावर तिची भीती वाटत नाही.

दिल्लीच्या प्रगती मैदानावर १९७२ मध्ये राज रेवाल आणि अभियंते महेंद्र राज यांनी हॉल ऑफ नेशन्स उभारला. एवढं मोठं जाळीदार छत जगात पोलादी नळ्यांचं करतात. आपल्याकडे तसं पोलाद महाग, हात मात्र भरपूर, म्हणून ती जाळी काँक्रीटमध्ये जागेवरच, सांध्यामागून सांधा, हातांनी ओतली. आत एकही खांब नाही. स्वातंत्र्याच्या पंचविसाव्या वर्षाची ती वास्तू. एप्रिल २०१७ मध्ये एका रात्रीत ती पाडली. वारसा म्हणून विचार व्हायला इमारत साठ वर्षांची हवी, असं सांगितलं गेलं. ती पंचेचाळीस वर्षांची होती. आपण ती पाडली याचं मला आजही वाईट वाटतं.

जुनी दगडी इमारत दुरुस्त करायला आपल्याकडे पाथरवट सापडतो. उघड्या काँक्रीटची दुरुस्ती त्याहून अवघड असते, कारण साधं सिमेंट लिंपलं की ठिगळ ठळक दिसतं, आणि वरून रंग मारला की भिंतच मरते. आधी त्या काळची वाळू कुठली होती ते शोधावं लागतं. खडीचा आकार जुळवावा लागतो. मूळ फळ्यांच्या रुंदीच्या, तशाच रेषांच्या नव्या फळ्या करवतून घ्याव्या लागतात. मग भिंतीच्या आडोशाला हातभर आकाराचे नमुने ओततात, सिमेंटचं प्रमाण थोडं थोडं बदलत, आणि थांबतात. ओलं काँक्रीट गडद दिसतं, त्याचा खरा रंग काही आठवड्यांनी कळतो. मग गवंडी नमुन्यांपासून दहा पावलं मागे जातो, सकाळच्या उन्हात बघतो, संध्याकाळच्या उन्हात बघतो, आणि त्यातला एक निवडतो.